मेला नाही तो, झोपला

साकोलीच्या बसस्थानकात दिवसातून शे-दीडशे वेळा एक आवाज घुमतो. "प्रवाशांनी लक्ष द्यावे. तुमसरकडे जाणारी गाडी फलाट क्रमांक तीनवर उभी आहे." लोक लक्ष देतात ते गाडीकडे. पिशव्या उचलतात, पोरांना ओढतात, खिडकीतून रुमाल टाकून जागा धरतात. काचेच्या खोलीत बसून बोलणारा माणूस कोण, हे विचारायची गरज आजवर कुणाला पडलेली नाही. तो परसराम लोणारे, वाहतूक नियंत्रक. वय त्रेपन्न, अंगानं सडपातळ, केस रंगवलेले. स्वभाव असा की खोलीत आला-गेला तरी टेबलावरच्या कागदालाही पत्ता लागू नये.

या माणसानं एकेकाळी अर्धा भंडारा जिल्हा ढसाढसा रडवला होता, असं सांगितलं तर स्थानकातला चहावाला हसून लोळेल. त्याचंही चुकत नाही म्हणा. परसरामनं ही गोष्ट कधी कुणाला सांगितलीच नाही. लग्नानंतर बायकोला एकदा सांगू पाहिली, तर ती म्हणाली, "तुम्ही अन् नाटकात?" तेव्हापासून त्यानं तोंड मिटलं ते मिटलं. चार वर्षांपूर्वी ती गेली. मुलगी रुचिता पुण्याला नोकरीला आहे, दर रविवारी फोन करून जेवलात का विचारते. पौर्णिमेला तो विहारात वंदनेला जातो आणि मागच्या रांगेत बसून परत येतो. बाकी आठवडाभर घरात बोलायला कुणी नाही, आणि स्थानकात बोलायचं ते फक्त गाड्यांविषयी.

आता तो रडवण्याचा किस्सा. झाडीपट्टीत धान कापून झालं की माणसाला नाटकाची भूक लागते. दिवाळीनंतरच्या मंडईच्या जत्रेपासून थेट होळीपर्यंत गावोगाव नाटकं, कापलेल्या धानाच्या बांधीत मंडप, खाली वाळलेलं तणस, आणि त्यावर पोती अंथरून रात्रभर बसलेली माणसं. वडशाकडच्या एका नाटक कंपनीत परसरामचा बाप, गुलाब लोणारे, प्रॉम्प्टर होता. पावसाळाभर पवनीजवळच्या आपल्या गावात मजुरी करायचा आणि हिवाळा लागला की वही काखोटीला मारून कंपनीच्या ट्रकमध्ये चढायचा. विंगेत बसून नटांना वाक्यं पुरवायची, हे त्याचं काम. त्यासाठी घरी तो वही मोठ्यानं वाचायचा. ती ऐकून ऐकून सात वर्षांच्या परसरामला अख्खं नाटक तोंडपाठ झालं. सातचा पाढा मात्र येत नव्हता.

कंपनीच्या त्या नाटकात गोपू नावाचं एक पोर होतं. आई मेलेली, सावत्र आई छळणारी, आणि तिसऱ्या अंकात बापाच्या मांडीवर मरण. नाटकाचं खरं नाव लोकांनी कधीच लक्षात ठेवलं नाही, सगळे 'गोपूचं नाटक' म्हणत. एका वर्षी ऐन मंडईत गोपूचं काम करणाऱ्या पोराला गोवर निघाला. मॅनेजर डोक्याला हात लावून बसला. गुलाब म्हणाला, "माहा पोट्टा हाय ना." झालं. शाळेची पाटी घरी राहिली आणि परसराम ट्रकमध्ये चढला.

पुढची पाच वर्षं हँडबिलावर नायकाच्या नावाखाली 'मास्टर परसराम' छापलं जात होतं. बाजारात बाया त्याला ओळखायच्या. गालावरून हात फिरवून कानशिलावर बोटं मोडायच्या, कुणी उकडलेलं अंडं हातात ठेवायचं, कुणी मुरमुऱ्याचा लाडू. शेवटच्या प्रसंगात तो बापाच्या मांडीवर डोकं टेकून म्हणायचा, "बाबा, दार लावू नका. आई येईल." एवढं म्हणून मान टाकायचा, आणि मंडपात एकच हलकल्लोळ. गडीमाणसंसुद्धा दुपट्ट्यात तोंड खुपसून रडायची. एवढंसं पोर, पण मरण काय वठवतं, असं लोक घरी जाताना बोलत जायचे.

वठवणं कसलं आलंय. परसरामला झोप यायची. नाटक सुरू व्हायचं दहा-साडेदहाला, आणि गोपूच्या मरणाची पाळी यायची पहाटे तीनला. मधल्या वेळात त्याला विंगेमागं कपड्यांच्या पेटाऱ्यावर घोंगडीत गुंडाळून निजवत, आणि वेळ झाली की बाप तोंडावरून गार पाण्याचा हात फिरवून उठवी. तसाच डोळे चोळत तो स्टेजवर जाई. दिव्यांची ऊब लागली, मांडी मिळाली, की शेवटचं वाक्य कसंबसं तोंडातून निघे आणि पुढच्या क्षणी तो खरोखर गाढ झोपी जाई. पडदा पडल्यावर त्याला उचलूनच न्यावं लागे. हे गुपित तिघांनाच ठाऊक होतं: तो, त्याचा बाप, आणि ज्याच्या मांडीवर मरायचं तो नट. बापानं दम भरला होता, कोणाजवळ बोललास तर टांग तोडीन.

त्या पाच हिवाळ्यांनी त्याला एक खोड लावून ठेवली. आजही पहाटे तीनला त्याचे डोळे उघडतात. आता कुणीतरी उठवायला येईल, असं वाटत तो पडून राहतो. कुणी येत नाही. मग झोपही येत नाही. दिवसा डुलकी घ्यावी तर तीही नशिबात नाही. बायको होती तोवर एक बरं होतं, ती झोपेत त्याच्या पायावर आपला पाय टाकून ठेवायची. "झोप लागली का उजवा पाय हालवता तुम्ही, माही झोपमोड होते," अशी तिची तक्रार असायची. आता पाय हलतो की नाही, हे सांगायलाही घरात कुणी नाही.

पण खरं दुखणं झोपेचं नव्हतं. सगळ्या जिल्ह्यानं गोपूला पाहिलं, आणि एका बाईनं पाहिलं नाही. ती त्याची आई, धुरपता.

पहिल्याच वर्षी तिनं नवऱ्याला तोंडावर सांगितलं होतं, "पोटच्या पोराले रोज रोज मरताना पाह्याले मी येणार नाही. तुले पाह्यवते तं तू पाह्य." गुलाबला वाटलं, बाईचा राग, निवळेल. तो निवळला नाही. तिसऱ्या वर्षी खुद्द त्यांच्या गावात प्रयोग झाला. गाव रिकामं होऊन मंडपात आलं, म्हाताऱ्याकोताऱ्या खाटेवर घालून आणल्या. धुरपता घरात दार लावून बसली. परसराम त्या रात्री मुद्दाम जागा राहिला होता. मांडीवर डोकं ठेवण्याआधी त्यानं बायांच्या बाजूच्या पहिल्या रांगेपासून शेवटच्या रांगेपर्यंत पाहून घेतलं. मग ते वाक्य म्हटलं. त्या रात्री तो इतका रडला की मॅनेजरनं दुसऱ्या दिवशी त्याला नवी चप्पल दिली.

होळीनंतर घरी आला की आई त्याला रगडून आंघोळ घाले, पोटभर जेवू घाले, आणि नाटकाचा एक शब्द विचारत नसे. तोही सांगत नसे. बाराव्या वर्षी त्याचा आवाज फुटला. "बाबा" म्हणताना घशातून भलताच सूर निघाला आणि रडायला बसलेला मंडप खदाखदा हसला. गोपू मरता मरता उठून पळाला. दुसऱ्या दिवशी मॅनेजरनं त्याच्या हाती नारळ दिला, पाठीवर थाप मारली आणि ट्रकमध्ये दुसरं पोर बसवलं. घरी आल्यावर आईनं त्याच्यासाठी चटई अंथरली आणि एवढंच म्हणाली, "आता रातचा झोपशीन." मास्टर परसरामची कारकीर्द संपली, आणि तो आपल्याहून तीन वर्षांनी लहान पोरांच्या वर्गात जाऊन बसला.

एकोणिसाव्या वर्षी आई तापात गेली. तू का नाही आलीस, हे विचारायचं राहून गेलं. पुढं बापही गेला. एसटीत नोकरी लागली, कंडक्टरचा कंट्रोलर झाला, लग्न झालं, लेक झाली. पण तो सल जागचा हलला नाही. लाखभर माणसं आपल्यासाठी रडली असतील, आपली आई मात्र एकदाही आली नाही. तिला आपली लाज वाटत होती, अशी त्यानं मनाची समजूत करून घेतली होती.

गेल्या माघातली गोष्ट. दुपारची वेळ, नियंत्रकाच्या खोलीबाहेरच्या बाकावर एक ड्रायव्हर तोंड उघडं टाकून असा पसरला होता की एका प्रवाशानं घाबरून विचारलं, "यायले काही झालं तं नाही ना?" तुमसरच्या गाडीवरचा कंडक्टर कैलाश तिथंच चहा पीत उभा होता. तो म्हणाला, "मेला नाही तो, झोपला." आणि स्वतःच फिदीफिदी हसला.

"त्यात हासाचं काय हाय गा?" चहावाल्यानं विचारलं.

"आमच्या घरचं हाय हे. कोणी डुलकी घेतली का आम्ही असंच म्हणतो." कैलाश बाकावर टेकला. "आंबागडले माहा मामा होता ना, मधुकरराव. खाणीत नोकरीले. गावात पहिला टेपरिकार्डर त्यानं आणला. शंकरपटाच्या राती, बैल पळवून झाल्यावर, नाटक होतं, त्याचा शेवटला अंक टेप कराचा म्हणे. माणसाईच्या बाजूनं बिड्या अन् ढकलाढकली, कोणी पाडन, म्हून यानं टेपरिकार्डर देल्ला मामीच्या मांडीवर. बायाईच्या मधात. आता नाटक त्यात आलं चार आणे, अन् बारा आणे बायाईच्या गप्पा. तो गोपू मरते, सारे रडून राहिले, अन् एक बाई मधातच म्हणते, मेला नाही तो, झोपला. साऱ्या सीनचा सत्यानास."

सगळे हसले. काचेच्या आत परसरामचा हात माईकच्या बटनावर होता. गोंदियाच्या गाडीची वेळ झाली होती. त्यानं बटन दाबून "प्रवाशांनी" म्हटलं आणि आवाज मध्येच फुटला. त्यानं घसा खाकरून पुन्हा सुरुवात केली. पण त्या एका क्षणात बाकांवरच्या दोन-चार माणसांनी माना वर करून काचेकडे पाहिलं होतं.

मरायच्या जागी तो झोपतो, हे तिघांनाच ठाऊक होतं, आणि तिघंही पुरुष. मग आंबागडच्या मंडपात बसून छातीठोकपणे हे सांगणारी बाई कोण? एक तर ती येडी असेल. नाही तर. या 'नाही तर'पाशी आलं की परसराम विचार सोडून द्यायचा आणि कामाला लागायचा. असे आठ दिवस गेले. नवव्या दिवशी त्याला मावशी आठवली. आईची मोठी बहीण आंबागडपासून दोन कोसांवरच्या गावात दिलेली होती. आणि आंबागडला प्रयोग झाला त्या वर्षी होळीला तो घरी आला तेव्हा आईनं लाखोळीच्या डाळीचे वडे केले होते. डाळ मावशीकडून आणलेली. म्हणजे त्या हिवाळ्यात आई तिकडं गेली होती. अर्थात बहिणीकडं जाणं निराळं आणि नाटकाला जाणं निराळं, हे त्यालाही कळत होतं.

आंबागडला जाऊन ती टेप ऐकायची म्हटलं तर त्याला भीतीच वाटू लागली. ती बाई दुसरीच कुणी निघाली तर? इतक्या वर्षांची तक्रार अंगवळणी पडलेली होती, तिच्यासोबत त्याचं बरं चाललं होतं. आता आशा लागली, आणि आशा मोडली तर त्रेपन्नाव्या वर्षी ते कोणाजवळ बोलायचं? शिवाय आणखी एक गोष्ट होती, आणि ती त्याला पहाटे तीनला अंथरुणात पडल्या पडल्या कळली. आईचा आवाज त्याला आठवत नव्हता. चेहरा आठवत होता, हाताला येणारा शेणामातीचा वास आठवत होता, आवाज नाही. चौतीस वर्षं झाली होती. स्वतः आवाजावर पोट भरणाऱ्या माणसाला आपल्या आईचा आवाज ओळखू येईल की नाही, याची खात्री नव्हती. तो उठून बसला आणि अंधारात कितीतरी वेळ कान देऊन आठवत राहिला.

रविवारी रुचिताचा फोन आला. "बाबा, आवाज काहून असा येऊन राहिला? बरं नाही का?"

"बरं हाय," तो म्हणाला. "येत्या सुट्टीले आंबागडले जाऊन येतो म्हणतो."

"तिथं कोण हाय आपलं?"

"कोणी नाही," परसराम म्हणाला, आणि तिनं विचारण्याआधीच जेवल्याचं सांगून टाकलं.

रात्रपाळी करून सकाळच्या गाडीनं तो तुमसरला उतरला आणि तिथून ऑटोनं आंबागडला गेला. किल्ल्याचा डोंगर उन्हात उघडाबोडका दिसत होता. मधुकररावांचं घर शोधायला वेळ लागला नाही. मधुकरराव तीन वर्षांपूर्वी गेले होते. घरात त्यांची बायको उषाबाई, पंचाहत्तरीची, आणि सून कामिनी. कैलाशनं फोन करून ठेवला होता.

"या जी, बसा," उषाबाईंनी मधुकररावांची आरामखुर्ची पुढं केली. "कैलाश सांगत होता, तुम्हाले जुन्या नाटकाईचा शौक हाय म्हून."

"हो जी," परसराम म्हणाला. तो गोपू मीच, एवढं म्हटलं असतं तर चहाच्या जागी जेवण मिळालं असतं आणि शेजारपाजार गोळा झाला असता. पण टेपमध्ये ती बाई दुसरीच कुणी निघाली असती तर त्या गर्दीतून उठून जाणं त्याला जमलं नसतं. म्हणून तो शौकीनच राहिला.

टेपरिकार्डर फडताळात होता, वर क्रोशाचा रुमाल. उषाबाईंनी तो देव्हाऱ्यातली मूर्ती उचलावी तसा दोन्ही हातांनी उचलून आणला. "दरसाल एकदा तरी लावतो मी. नाटकासाठी नाही जी. सुरुवातीले आमच्या यायचा आवाज हाय." त्यांनी बटन दाबलं. खरखर झाली, आणि एक तरणाबांड पुरुषी आवाज आला, "उषा, हे लाल बटन दाबलं का सुरू होते. आता हात लावू नोको. अन् बोलू नोको." लगेच एक तरुण बाई म्हणाली, "मी कायले बोलू?" म्हाताऱ्या उषाबाई हसल्या आणि पदरानं डोळे पुसले. "एवढंच हाय माहं. बाकीचं तुम्ही ऐका."

बाकीचं म्हणजे खरोखर कैलाश म्हणाला तसंच होतं. पेटी कुठंतरी लांब वाजत होती. नायक ओरडत होता, पण काय ते कळत नव्हतं. जवळचे होते ते बायांचे आवाज. कुणी कुणाला पोतं सरकवायला सांगत होतं, कुणी शेंगा फोडत होतं, कुणाच्या सुनेला दिवस गेले होते. परसराम खुर्चीत पुढं सरकून बसला होता.

मग पेटी हळू झाली. बायांच्या गप्पा थांबल्या. खूप लांबून, विहिरीच्या तळातून यावा तसा, एका पोराचा बारीक आवाज आला. "बाबा..." पुढचं काही कळलं नाही. कुणीतरी हुंदका दिला, त्यावर दुसरीनं, आणि बघता बघता सगळा मंडप रडायला लागला. त्याचं ते गाजलेलं वाक्य त्या रडण्यात पार बुडून गेलं. एक 'येईल' तेवढं वर आलं आणि तेही गेलं. आयुष्यात पहिल्यांदा स्वतःला ऐकायची संधी मिळाली होती, आणि लोकांच्या रडण्यात त्याचाच आवाज नाहीसा झाला होता.

आणि त्या रडण्यात, अगदी टेपरिकार्डरला लागून, एक कोरडा, ठसठशीत आवाज आला. "अव रडता काहून? मेला नाही तो, झोपला."

कामिनीला सवयीनं हसू आलं. उषाबाईंनी हात वर करून तिला गप्प केलं, कारण पाहुणा हसला नव्हता.

"चूप व बाई," टेपमधली कुणी म्हणाली.

"खरंच सांगून राहिली. पाह्य ना, उजवा पाय हालून राहिला त्याचा. झोप लागली का असाच हालवते. पाळण्यात होता तवापासून."

"तुले काय मालूम? तुहा कोण हाय तो?"

मग तोच आवाज, पण खाली आलेला. "माहा पोट्टा हाय."

"मंग जा ना भेटाले," ही तरुण उषा होती. "पडदा पडते आता."

"नाही जी. मी आली म्हून कोणी सांगू नोका त्याले. मले पाह्यलं का मांगं लागन. अन् मले नेता येणार नाही, बापानं कंपनीले होळीवरी शब्द देल्ला हाय." मग जरा थांबून, "झोपू द्या. तेवढीच झोप भेटते त्याले."

टाळ्या झाल्या, शिट्ट्या झाल्या, आणि खट्ट करून टेप बंद पडली.

कैलाशच्या घरात चाळीस वर्षं फक्त पहिलं वाक्य उरलं होतं. त्यावर जो हशा पिकायचा त्यात पुढचं ऐकायला कुणी थांबलंच नव्हतं.

आवाज ओळखू येईल की नाही याची परसरामला उगाच काळजी होती. "अव" म्हणताच त्याला तो ओळखू आला होता. पाय हलल्याचं तर नंतर आलं. त्याला एकाच वेळी इतका आनंद झाला आणि इतकं दुःख झालं की दोन्हींतलं काय आधी सोसावं ते कळेना. ती आली होती. तिनं त्याला मरताना पाहिलं नव्हतं. सगळा मंडप मेलेला गोपू बघत होता, आणि ती तेवढी तिच्या झोपलेल्या पोराला बघत होती.

"अजून एकदा लावता का जी?" त्यानं विचारलं.

उषाबाईंनी टेप मागं घेतली आणि लावली. मग आणखी एकदा लावली. तिसऱ्यांदा ऐकताना त्या टेपकडं न बघता पाहुण्याकडं बघत होत्या.

"मले आठवते ती बाई," त्या हळूच म्हणाल्या. "पोतं नव्हतं तिच्याजवळ. थंडीनं कुडकुडत होती, म्हून मी माह्या पोत्यावर बसवलं. कोठून तरी पायदळ आली होती. पडदा पडला तशी उठली, अन् अंधारातच निघून गेली. मले लय वाईट वाटलं होतं त्या वक्ती. मंग घरचे सारे हासाले लागले, तं मीही हासली."

परसरामनं मान हलवली. आता सांगावं, असं त्याच्या मनात आलं. चाळीस वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं, या बाईला सांगावं. तिच्या पोत्यावर आपली आई बसली होती. त्यानं तोंड उघडलं. कामिनी चहा ठेवायला आत गेली. दारातून दुपारचं ऊन त्याच्या गुडघ्यांवर येत होतं, आणि आरामखुर्चीचं कापड पाठीला मऊ लागत होतं. उषाबाईंनी न सांगताच टेप पुन्हा लावली होती. लांबून पेटी वाजत होती. कुणीतरी पोतं सरकवत होतं. सांगायचं वाक्य त्याच्या ओठांपर्यंत आलं, आणि तिथंच त्याच्या पापण्या जड झाल्या.

"आई, हे पाहुणे पाह्य ना, कसे करून राहिले," कामिनीचा घाबरलेला आवाज आला. कपबशी खाली ठेवल्याचं वाजलं. "मान टाकली यायनं. काही झालं तं नाही ना?"

उषाबाई खुर्चीजवळ आल्या, आणि वाकून त्याच्या उजव्या पायाकडं बघत उभ्या राहिल्या, हे त्याला झोपेत बुडता बुडताही कळत होतं.

"काही झालं नाही," त्या म्हणाल्या, आणि त्यांचा आवाज भरून आला होता. "चहा झाकून ठेव. झोपू दे त्याले."